काकवी उतरताना

"काकवी उतरताना तोंड उघडायचं न्हाई, मने. हो म्हणायचं न्हाई, न्हाई म्हणायचं न्हाई. बांधावर कुणी बी येऊ दे, मागं वळायचं न्हाई. काहील काय बोलती तेवढंच ऐकायचं."

सासूबाई जाऊन बरीच वर्षं झाली होती. पण गुऱ्हाळाचं चुलवण पेटलं, काहिलीच्या रुंद कढईत उसाचा रस चढला, की बायनाबाईंचा हा आवाज मनकर्णेच्या कानाशी येऊन बसायचा, घरातलं माणूस आपल्या ठरलेल्या पाटावर येऊन बसावं तसा. आवाजात रागही नसायचा आणि मायाही नसायची. नुसतं सांगणं असायचं.

बीड जिल्ह्यातल्या युसूफ वडगाव ह्या गावाच्या अलीकडे त्यांची वस्ती. तिथं गुळाचं काम पुरुषांचं. काकवी मात्र बायनाबाईंची. उसाचा रस आटत आटत गुळाकडे निघालेला असतो, आणि वाटेत मध्येच एक जागा अशी येते, की तिथं त्याला थांबवला तर गूळ होत नाही आणि रसही राहत नाही. मधासारखी दाट, तांबूस, धार धरणारी काकवी होते. ती जागा फार थोडा वेळ असते. अलीकडे उतरवली तर काकवी चैत्राच्या उन्हात आंबते. पलीकडे गेली तर बरणीच्या तळाला साखरेचा कण धरते. वाफेनं डोळ्यांना दिसत नाही, धुरानं नाकाला कळत नाही. राहिले कान. रस आधी खदखदतो. मग फेस पिवळा पडतो आणि आवाज जड होतो, ओल्या मातीत कुणी पाय ओढत चालल्यासारखा. तो आवाज पुरता जड होण्याच्या आत हात वर करायचा. हात वर झाला की खालच्या माणसानं चुलवणातला जाळ ओढायचा. एवढ्यात कुणाशी एक शब्द बोललं तरी कान तिकडे जातो. म्हणून ती रीत.

आणि ऊसही साधा नव्हता. पुंड्या. मनगटाएवढा जाड, मऊ, सालीवर जांभळी झाक असलेला. बायनाबाईंचं माहेर गेवराईकडे, गोदेच्या काठी. लग्नात त्यांच्या बापानं पुंड्याची कांडी ओल्या पोत्यात गुंडाळून लेकीच्या मांडीवर ठेवली होती, आणि बैलगाडीतून बायनाबाई ती तान्ह्या लेकरासारखी घेऊन आल्या होत्या. पुढं सहकारी कारखाना आला. सभासद झाले, शेतं कारखान्याच्या उसाखाली गेली. पुंड्याला साखरेचा उतारा पडत नाही म्हणून कारखाना त्याला हात लावीना. गोदाकाठी बायनाबाईंच्या भावानंही तो मोडला. ह्या घरी विहिरीच्या कडेची एक पट्टी तेवढी राहिली. दरवर्षी त्यातला अर्धा काकवीला, अर्धा पुढच्या लागवडीच्या बेण्याला.

जाताना बायनाबाईंनी सुनेचा हात धरला होता. देवाचं नाव घेतील म्हणून सगळे कान देऊन बसले होते.

"मने, बेणं माझ्या म्हायेरचं हाय. हितलं पाणी सरलं तर माघारी न्हेऊन लाव. वाळू देऊ नको."

"न्हाई देणार, आत्या," मनकर्णा म्हणाली होती. तोंडानं दिलेला शब्द होता. त्यानंतर बायनाबाईंनी गंगेचं पाणी मागितलं.

*

यंदा पाणी सरलं होतं. पाऊस मागल्या सालीही नव्हता, त्याच्या आदल्या सालीही नावालाच. कारखान्याचं धुराडं थंड होतं. गाळायला ऊसच नव्हता. मनकर्णेचा मुलगा कारखान्यावर ट्रक चालवायचा, तो काम शोधत कोल्हापूरकडे गेला होता. घरात मनकर्णा आणि सून शिवकन्या.

मनकर्णेचा नवरा गहिनीनाथ कार्तिकात गेला. तुळशीचं लग्न त्यानंच लावलं होतं. पट्टीतले चांगले पुंड्याचे ऊस मुळाशी तोडून आणले, अंगणातल्या तुळशीच्या ओट्याभोवती पहारीनं खोल भोकं पाडून रोवले, वर शेंडे एकत्र बांधून मांडव केला. पौर्णिमा झाली आणि पुढच्याच आठवड्यात तो लिंबाखाली टेकला तो टेकलाच. आजार नाही, हाक नाही. भाकरी घेऊन गेलेली मनकर्णा बराच वेळ त्याला झोपलेला समजून शेजारी बसली होती.

ती रडली नाही. भावकीतल्या बायका म्हणाल्या, हिला रडवा, नाहीतर छातीत बसेल. रडवायला म्हणून आल्या, आणि स्वतःच रडून, चहा पिऊन गेल्या. मनकर्णेनं चहाची भांडी घासली. तेव्हापासून सगळं कसं कापसात गुंडाळल्यासारखं झालं होतं. कुत्रं भुंकलं तरी लांबून, भाजलं तरी लांबून. नेम मात्र चालू होते. पहाटे अंग धुवायचं, तुळशीला तांब्याभर पाणी घालायचं, डोळे मिटून प्रदक्षिणा घालायच्या, आणि तोवर स्वतःच्या तोंडात पाण्याचा थेंब घ्यायचा नाही. टँकरचं पाणी मापानं मिळायला लागलं तेव्हा हा तांब्या ती आपल्या पिण्याच्या वाट्यातून काढायला लागली.

"तुळस पिती आन् आपण तिच्या तोंडाकडं बघायचं," शिवकन्या म्हणायची. "देवाला बी कळत आसंल की आत्या, औंदा दुष्काळ हाय म्हणून."

"त्याला कळतंय. नेम माझा हाय," मनकर्णा हळूच म्हणायची, आणि रिकामा तांब्या पालथा घालायची.

तुळशीभोवतीचे ऊस कुणी काढले नव्हते. वर्षश्राद्धापर्यंत घरात सणवार नाही, मग त्याच्या हातचा मांडव तरी कुणी कशाला मोडावा. पाचट वाऱ्यानं उडालं, शेंडे शेळीनं ओढून खाल्ले, कांडी वाळून काठ्या झाली. मनकर्णा रोज त्यांच्यातून फिरायची.

माघात तिनं ठरवलं. पट्टीतल्या अर्ध्या उसाची एक काहील करायची, शेवटची. उरलेला अर्धा उभा ठेवायचा, आणि काकवी झाली की दुसऱ्या दिवशी ताजं बेणं तोडून गोदाकाठी पोचवायचं. सासूबाईंचे भाचे अर्जुनराव तिथं होते. त्यांच्या विहिरीला अजून पाणी होतं असं ऐकून होती. फक्त एक दिवसाचं काम मध्ये होतं.

*

जाळ घालायला आश्रुबा आला. हा मेंढरं-म्हशी राखणाऱ्या घरचा माणूस, पण तरुणपणापासून ह्या चुलवणाखाली त्याचाच हात. गहिनीनाथाच्या बरोबरीचा. इंजिनावर रस काढून झाला, लहान काहील चढली, रस निवळायला भेंडीच्या खोडांचं बुळबुळीत पाणी पडलं, मळी वर आली, मनकर्णेनं ती झाऱ्यानं काढून टाकली. आश्रुबा खाली खड्ड्यात बसून चिपाडं सारत होता आणि बोलत होता, कारण बोलायची मुभा अजून होती.

"आक्का, म्हैस बसल्या जागची उठंना झालीया. बायको म्हणती, तिला सोडून द्या. म्हणलं, सोडली तर जाईल कुठं? उठतच न्हाई ती."

"उसाची वाढं न्हे की जाताना तिला. निघालीत तेवढी."

"न्हेतो. पर ती एका घासाची. जनावरांची छावणी होणार म्हणत्यात, इठ्ठलराव सोसायटीतर्फे काढणार हायती. कवा काढत्यात कुणाला ठावं."

फेस पांढऱ्याचा पिवळा होऊ लागला. मनकर्णेनं पदर कानामागं खोचला. आश्रुबा गप्प झाला.

आणि त्याच वेळी बांधावर जीप थांबली.

विठ्ठलराव मनकर्णेचे लांबचे दीर. सोसायटीचे चेअरमन, कारखान्यावर संचालक. माणूस वाईट नव्हता. छावणीच्या परवानगीसाठी बीडला खेटे घालून घालून त्यांच्या चपला झिजल्या होत्या आणि डोळे लाल झाले होते. त्यांच्या घरचा ऊस बापाच्या काळापासून कारखान्याला. चुलवणापाशी ते लहानपणी रस प्यायला आले असतील तेवढेच. काहिलीवरची रीत त्यांना कोण सांगणार?

"वैनी, राम राम." ते वाफेच्या पलीकडे उभे राहिले. "बेवक्त आलो, माफी करा. छावणी मंजूर झाली. आजच सुरू करतोय. जनावरं येऊन बसल्यात माळावर आन् चाऱ्याचा ट्रक परवाच्या आत येत न्हाई."

रस खदखदत होता.

"विहिरीवरचा तुमचा ऊस उभा हाय अर्धा. तेवढा द्या. दोन दिस निभतील. मुक्या जनावरांचं हाय, वैनी. गहिनीभाऊ आसते तर मी इचारलं बी नसतं, त्यांनी सोताच आणून टाकला आसता."

मनकर्णेच्या हातात लांब दांड्याचा डोवा होता. तिनं तो हलवणं थांबवलं नाही. बायनाबाईंचा आवाज कानाशी बसलेला होता: हो म्हणायचं न्हाई, न्हाई म्हणायचं न्हाई. तिनं वर पाहिलं. वाफेतून विठ्ठलरावांची पांढरी टोपी तेवढी दिसत होती. तिनं आश्रुबाकडे पाहिलं. आश्रुबा जाळाकडे बघत होता.

"न्हाई म्हणायचं आसंल तर मोकळ्या मनानं म्हणा," विठ्ठलराव म्हणाले. "मला राग न्हाई."

फेसाचा आवाज जड होत होता. की झाला होता? ती ऐकत होती तो टोपीखालचा आवाज.

"बरं तर," विठ्ठलराव म्हणाले. दिरासमोर खालमानेनं गप्प राहणारी बाई होकार देते, हे ते जन्मभर बघत आले होते. "लई उपकार झाले, वैनी. देव तुमाला कमी करणार न्हाई."

जीप गेली. मनकर्णेनं हात वर केला. आश्रुबानं जाळ ओढला.

*

काकवी डोव्यानं उपसून, फडक्यातून गाळून, घागरीत भरून होईपर्यंत जागा सोडता येत नाही. तिनं सोडली नाही. सगळं रीतसर केलं. चुलवणातल्या विस्तवावर पहिली धार सोडली, घागरीच्या तोंडाला फडकं बांधलं, मग पदराला हात पुसून ती विहिरीकडे चालू लागली.

ट्रॅक्टर आधीच आला होता. छावणीची माणसं कोयते चालवत होती, आणि बरीचशी पट्टी आडवी पडली होती. ट्रॉलीजवळ कुणाची तरी गाय उभी होती, छावणीपर्यंत जायचं त्राण नसलेली. बरगड्या मोजाव्यात अशी. तिनं पडलेल्या उसाचं एक टोक दातात धरलं होतं, आणि चावायला जोर नव्हता म्हणून नुसतं धरून उभी होती.

आता बोलायला बंदी नव्हती. काहील उतरली होती. मनकर्णा बांधावर उभी राहिली. थांबा, एवढं म्हणायचं होतं. एक मोळी ठेवा, बेण्याची हाय, एवढंच म्हणायचं होतं. तिनं तोंड उघडलंही असेल. पण शब्द जिथून येतो तिथं कापूस भरलेला होता. ती गायीकडे बघत राहिली. गायीनं हळूहळू एकदा चावलं. रस तिच्या जबड्यातून खाली गळला.

एका कोयतेवाल्यानं विचारलं, "काय पायजे का मावशी?"

मनकर्णेनं मान हलवली. तो पुन्हा वाकला.

घरी शिवकन्येनं विचारलं, "आत्या, समदा दिला? बेण्याचा बी?"

"हं."

"कावून पण? उद्या गेवराईला न्ह्यायचा हुता ना?"

"काहील चढली हुती."

शिवकन्येनं कपाळाला हात लावला. "आवं, मग उतरल्यावर म्हणायचं!"

मनकर्णा देवाच्या कोनाड्याकडे वळली. तिनं सांजवात लावली, जप केला, आणि माळ ठेवताना तिच्या ध्यानात आलं की नाव घेताना ती मनातल्या मनात काहीच म्हणत नव्हती. मणी तेवढे सरकत होते.

मुळाशी राहिलेल्या खोडक्यांना पाणी मिळालं असतं तर त्या फुटल्या असत्या. तिनं बादलीभर नेऊन पाहिलं. पण तिकडे छावणीसाठी विहिरीतला गाळ उपसून मोटार लावली होती, आणि मोकळ्या सोडलेल्या जनावरांनी खोडक्या जमिनीपासून खुडून नेल्या. राहिली ती काळी पट्टी. उन्हानं तिला भेगा पडल्या.

*

पंधरवड्यानं ती छावणीवर गेली. त्यांचा म्हातारा बैल ढवळ्या तिथं बांधलेला होता, त्याला बघायला. माळावर पत्र्यांच्या आणि पाचटाच्या सावल्या, ओळीनं दावणी, शेणाचा आणि कोरड्या धुळीचा वास. माणसंही जनावरांपाशीच राहायला आलेली. कुणी पत्ते खेळत होतं, कुणाचा रेडिओ चालू होता.

"आक्का, आलात?" आश्रुबानं आपलं घोंगडं झटकून अंथरलं. "बसा. ढवळ्याला मीच घालतो पाणी. लई खोडील झालाय, शेजारणीचा चारा वढतो."

"तुमच्या गहिनीभाऊवर गेलाय," ती म्हणाली. आश्रुबा हसला. मग हसू संपलं आणि तो काडीनं जमिनीवर रेघोट्या ओढू लागला.

"आक्का, त्या दिशी मी खाली बसलो हुतो. मला बोलता आलं आसतं."

"रीत हाय."

"रीत काहिलीवरच्या माणसाला. जाळ घालणाऱ्याला कुठं हाय? मी म्हणलो आसतो, इठ्ठलराव, अर्धी घटका थांबा, तर ते थांबले आसते. मी आपला जाळात बघत बसलो. मला म्हैस दिसत हुती."

मनकर्णेनं म्हशीकडे पाहिलं. ती दावणीला उभी होती. कातडं अजून ढिलं, पण चारी पायांवर उभी.

"उठती आता?"

"उठती."

"मग झालं," मनकर्णा म्हणाली.

तिला खरंच राग नव्हता. राग कुठं असायला हवा होता ती जागा तिनं चाचपून पाहिली, दात पडलेल्या जागी जीभ फिरावी तशी. तिथं काही नव्हतं. विठ्ठलराव लांबून हात जोडून गेले. सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाले, "ह्या वैनींमुळं पहिले दोन दिस निघाले बरं का!" तिनं पदर पुढं ओढला.

घरी आल्यावर तिनं घागरीचं फडकं सोडलं. शिवकन्येला भाकरीबरोबर काकवी वाढायची होती. डाव तळाला लागला आणि कर्रकन वाजला. तिनं बोटानं चाचपलं. तळाला कण धरला होता. साखरेचे बारीक, टोकदार खडे.

म्हणजे हात उशिरा वर झाला होता. थोडासाच, एखाद्या श्वासाचा उशीर. तोंड बंद होतं, रीत पाळली होती. पण कान काहिलीवर नव्हते. बायनाबाईंनी गप्प बसायला ऐकण्यासाठी सांगितलं होतं. ती गप्प बसली आणि ऐकलं भलतंच. काकवीही नीट झाली नाही आणि बेणंही गेलं.

"छान लागती की, कुरकुरीत," शिवकन्या भाकरी बुडवत म्हणाली. "आत्या, तुमी घ्या ना थोडी."

"वर्ष सरंस्तोवर गोड सोडलंय."

"तुमी काय काय सोडणार हाय अजून?"

मनकर्णेनं घागर पुन्हा बांधली. शब्द दिला होता त्या बाईला आता कुठल्या तोंडानं आठवायचं, हे तिला कळेना. त्यानंतर बायनाबाईंचा आवाज आला नाही. तिनं वाट पाहिली नाही असं नाही.

*

फाल्गुन संपत आला होता. मनकर्णा दळण निवडत ओसरीवर बसली होती आणि अंगणातून शिवकन्येचा आवाज चढला.

"हो मागं! हो मागं, भवाने! आत्या, तुमच्या तुळशीला पाव्हणी आलीया बघा. दावं तोडून आली. देवाचं झाड बी सोडंना."

"हाकल तिला."

"हाकलतेय तर जाईना. तुळस न्हाईच खात. खाली काय तरी वढतीया."

शेळीला शिंगाला धरून शिवकन्येनं मागं ओढलं. शेळीच्या तोंडात पान होतं. लांब, अरुंद, हिरवं. त्या अंगणात, त्या माळात, छावणीपर्यंत कुठं एवढा हिरवा रंग नव्हता. शिवकन्या ते पान बोटात धरून उभी राहिली.

"आत्या. हिकडं या."

मनकर्णा सूप ठेवून आली. ओट्याच्या मागच्या अंगाला, जिथं तांब्यातलं पाणी ओघळून जिरायचं, तिथं गहिनीनाथानं रोवलेल्या वाळक्या काठ्यांच्या बुडाशी कोंब होते. एका काठीला नव्हते. दुसरीला दोन, शेजारच्या दोन्हींना मिळून मूठभर. एक शेळीनं खुडला होता. बाकीचे ताठ. मातीतून निघाले तिथं त्यांच्या बुडावर जांभळी झाक होती.

ती खाली बसली. खोल रोवलेल्या कांड्यांचे डोळे मातीत गेले होते, आणि ती रोज, नेमानं, डोळे मिटून त्यांना पाणी घालत होती. रोज त्यांच्याभोवती फिरत होती. बघितलं मात्र शेळीनं.

तिला आनंद झाला असं म्हणता येणार नाही. कापूस तसाच होता. फक्त तिनं एका कोंबाभोवती ओंजळ केली, आणि बराच वेळ काढली नाही.

"म्हंजे तुळशीचं पाणी ह्यानं पेलं," शिवकन्या हळू आवाजात म्हणाली. तिच्या बोलण्यातली धार गेली होती.

"दोघांनी पेलं."

"आता?"

मनकर्णेनं ओंजळ सोडली. उन्हाळा पुढं होता. टँकर दोन दिवसांआड झाला होता. तांब्याभर पाण्यावर कोंबांचा उन्हाळा निघणार नव्हता. आणि इतके दिवस गप्प असलेला तो आवाज, ना रागाचा ना मायेचा, कानाशी येऊन बसला होता. हितलं पाणी सरलं तर माघारी न्हेऊन लाव.

"उद्या सकाळी न्हेते," ती म्हणाली.

"आन् तुमचा नेम? तुळशीला पाणी?"

इथं मनकर्णा अडली. लग्न होऊन आल्यापासून हा तांब्या तिनं दुसऱ्याच्या हातात दिला नव्हता. बाळंतपणातही बाजेवरून उठून घातला होता.

"मी घालीन," शिवकन्या म्हणाली. "पर तुमच्यासारखी डोळे मिटून न्हाई. बघून घालीन."

मनकर्णेच्या तोंडाला काहीतरी झालं. हसू म्हणावं एवढं ते नव्हतं.

*

सकाळी तिनं अंग धुतलं, तुळशीला पाणी घातलं आणि तांब्या शिवकन्येच्या हातात दिला. मग खुरप्यानं कोंबांच्या भोवतीची माती मोकळी केली. मुळं धरलेली कांडी मातीच्या ढेकळासकट वर आली. वरच्या वाळक्या काठ्या तिनं कापून ओट्यावरच ठेवल्या. गहिनीनाथाच्या हातचं तेवढं तरी तुळशीपाशी राहू दिलं. गोणपाट भिजवायला पाणी हवं होतं. ती आपल्या वाट्याच्या घागरीकडे वळली, तर शिवकन्येनं स्वतःच्या कळशीतलं गोणपाटावर ओतून टाकलंही होतं.

"बघताय काय? आंघुळ उद्या करीन. अंगाला कुठं कोंब फुटायचेत माझ्या."

गठुडं बांधून झालं. काकवीचा एक लहान तांब्या तिनं अर्जुनरावांच्या घरासाठी बरोबर घेतला. कण धरलेली होती, पण त्या घरानं पुंड्याची काकवी चाखून पिढी उलटली होती. त्यांना फरक कळणार नव्हता. तिला कळत होता. तरी घेतली.

वडगावाच्या फाट्याकडे जाताना मागून जीप आली आणि शेजारी थांबली. विठ्ठलराव उतरले.

"वैनी, एवढ्या सकाळी? कुठं?"

"गेवराईकडं. आत्यांच्या म्हायेरी."

त्यांची नजर गठुड्यावर गेली. गोणपाटाच्या तोंडातून हिरवी पानं डोकावत होती. "ऊस हाय? हिरवागार? कुठनं आणला ह्या दिवसांत?" आणि तिनं सांगायच्या आत त्यांना सुचलं, त्यांच्या भल्या मनाला सुचायचं तसंच. "एवढ्या लांब कुठं वागवताय? द्या हिकडं. छावणीच्या टाकीपाशी वल हाय, तिथं लावून टाकतो. वाढला तर जनावरांना बी होईल."

त्यांनी हात पुढं केला होता.

"न्हाई, भाऊजी," मनकर्णा म्हणाली.

आवाज लहानच होता, तिचा नेहमीचा. विठ्ठलरावांचा हात तसाच राहिला. ह्या बाईच्या तोंडून हा शब्द त्यांनी कधी ऐकला नव्हता.

"न्हाई?"

"न्हाई. कबूल केलेलं हाय."

त्यांनी हात मागं घेतला, टोपी नीट केली. "बरं, बरं. मग फाट्यापर्यंत तरी बसा जीपमधे."

"कच्च्या वाटेच्या हादऱ्यानं माती सुटंल मुळांची. फाट्यावर यष्टी मिळंल, तवर जाते पायीच."

जीप पुढं गेली. धूळ खाली बसेपर्यंत ती कडेला थांबली. मग गठुडं डोक्यावरून काढून तिनं कडेवर घेतलं, गोणपाटाची ओल पदरातून अंगाला लागली, आणि ती फाट्याच्या दिशेनं चालू लागली.